रा. रा. नोरिप्लाय यांस

आलेल्या पत्राला उत्तर न देणारा माणूस आणि दारी आलेल्या पाहुण्याला पाणी न विचारणारा माणूस, या दोघांना नरकात शेजारशेजारच्या खोल्या मिळतात असं मानणारा आणि जन्मभर तसंच वागलेला एकच माणूस मी पाहिला आहे, तो म्हणजे आमचे टपालमामा. ते माझे सख्खे मामा नव्हेत, चुलत-मावसही नव्हेत. ते आमच्या साक्कोट्टैचे पोस्टमन होते आणि घरात आमच्यासारखंच मराठी बोलायचे, एवढ्या भांडवलावर आईने त्यांना भाऊ मानलं. आमच्या बाजूला मराठी बोलणारं माणूस भेटलं की नात्यासाठी फार खोल खणत नाहीत. लागेल ते पाणी गोड मानतात.

तंजावरकडचे मराठे म्हटलं की महाराष्ट्रातली माणसं लगेच विचारतात, तुमच्या घरी जुने ग्रंथ असतील ना? आमच्या घरी ग्रंथ नव्हते. आमच्या घरी सेवैची नाळी होती. तांदळाच्या पिठाचे गोळे वाफवायचे, गरम असतानाच तीन पायांच्या लोखंडी नाळीत घालायचे आणि वरचा आडवा दांडा जीव खाऊन पिळायचा, की खाली मऊ पांढरे धागे उतरतात. ती सेवै. शेवयांची तांदळाची बहीण म्हणा. माझे अप्पा लग्नाच्या स्वयंपाकघरात हीच सेवै दाबायचे. पाचशे पानांचं लग्न असलं की दुसऱ्या दिवशी त्यांना आंघोळीचा तांब्या डोक्यावर उचलता येत नसे, आई त्यांच्या अंगावर पाणी ओतायची. आडी आणि मार्गळी या दोन महिन्यांत इकडे लग्नं होत नाहीत. ते महिने आमच्याकडे सकाळी कंजी, म्हणजे तांदळाची पेज, आणि संध्याकाळी सकाळचीच कंजी. दरबारी वैभवातलं आंबट वरण, म्हणजे सांबार, तेवढं आमच्या वाट्याला आलं, तेही दुसऱ्यांच्या लग्नात ढवळायला. आणि घरात वाचता येणारं कोणी नव्हतं.

त्यामुळे छापील कागद आला की आईला घाम फुटायचा. कागद म्हणजे कुणीतरी काहीतरी काढून घ्यायला आलं, एवढंच तिला माहीत. टपालमामा सायकल भिंतीला टेकवून ओसरीवर बसत, पाकीट उजेडाला धरून कड सरळ फाडत आणि पहिल्या अक्षरापासून शेवटच्या शिक्क्यापर्यंत मोठ्याने वाचत. वाचून झालं तरी कागदाची घडी करत नसत. तो गुडघ्यावर पसरून आईला विचारत, "उत्तर काय लिहू?" आई म्हणे, अहो, सूचना आहे ती, सूचनेला कसलं उत्तर? मामांना हा विचारच पटत नसे. एकदा गल्लीत नोटीस आली की खोदकामामुळे तीन दिवस नळाला पाणी येणार नाही. सगळ्या गल्लीने हंडे भरून ठेवले. मामांनी उत्तर लिहिलं: आपलं पत्र पावलं, तीन दिवस म्हणजे कोणते तीन, हे कळवण्याची कृपा व्हावी. आठवड्याने एक कारकून स्वतः चालत आला आणि तारखा सांगून गेला. तोवर खोदकाम झालं होतं आणि पाणीही आलं होतं, पण तो मुद्दा नव्हे. मामा म्हणाले, "बघितलंस? पत्ता आहे म्हणजे पलीकडे माणूस आहे."

हे त्यांचं सगळं तत्त्वज्ञान. त्यांच्या मते त्यांचे पूर्वज तंजावरच्या दरबारात खलिते नेत, म्हणजे टपाल त्यांच्या रक्तात आहे. याला पुरावा काहीच नाही, पण चालण्याकडे पाहिलं की वाटतं असेल बुवा. 'पत्ता अपुरा' असा शेरा मारून पत्र परत पाठवणं त्यांना पाप वाटे. एकदा बदलीवर तिरुवलंचुळीला असताना त्यांच्या हातात एक पाकीट पडलं, त्यावर नुसतं 'विनायगम, तिरुवलंचुळी'. त्या गावात पांढऱ्या विनायगराचं, म्हणजे गणपतीचं, देऊळ आहे, आणि दर दुसऱ्या घरातला थोरला मुलगा विनायगम. मामा चार दिवस हिंडले. प्रत्येक विनायगमला विचारलं, तुला पत्र येण्यासारखं कुणी आहे का? पाचव्या दिवशी एक म्हातारा विनायगम म्हणाला, मला कुणीच नाही. मामांनी पत्र त्यालाच दिलं, आणि ते त्याचंच निघालं. कसं ओळखलं म्हणून विचारलं तर म्हणतात, बाकीचे सगळे हात पुढे करत होते.

माझं कॉलेजही याच माणसाच्या हट्टामुळे झालं. बारावीला मला चांगले गुण होते, पण कॉलेजातून दोन ओळींचा छापील नकार आला. अर्जावर मातृभाषा मराठी लिहिली होती, त्यावरून कुणीतरी ठरवलं होतं की मुलगी परराज्यातली आहे आणि स्थलांतराचा दाखला जोडलेला नाही. खाली जाड अक्षरांत होतं, यावर पुढील पत्रव्यवहार केला जाणार नाही. मी रडायला लागले. मामा रडण्याकडे बघतच नव्हते. त्यांचे कान लाल झाले होते. पत्रव्यवहार करणार नाही, हे पत्रातूनच कळवायचं? म्हणजे तोंड उघडून सांगायचं की मी मुका आहे? त्यांनी तिथेच माझ्या वहीचं पान घेतलं आणि लिहिलं: आपलं पत्र पावलं, मुलीचं कुटुंब तीनशे वर्षांपूर्वी इथे आलं, स्थलांतराचा दाखला त्या वेळच्या राजेसाहेबांकडून आणावा लागेल, परंतु ते सध्या कार्यालयात भेटत नाहीत, तरी दुसरा कोणता अधिकारी चालेल ते कळवावं. नवव्या दिवशी कॉलेजने बोलावलं. ज्या बाईंनी मला प्रवेश दिला त्यांच्या टेबलावर ते वहीचं पान होतं आणि त्या हसू दाबत होत्या. आमच्या घराण्यात सही करता येणारी मी पहिली आणि पदवीधरही पहिलीच. हे मी कुठेही, कुणालाही, विचारलं नसताना सांगते. मामा तर मला कॉलेजच्या पहिल्या दिवसापासूनच 'बीए' म्हणत. निकाल लागल्यावर म्हणाले, आता तुला खरं नाव लागलं.

बीए झाल्यावर मला जी नोकरी लागली तिचं स्वरूप मामांना समजावायला एक अख्खी दुपार गेली. इंटरनेटवर लोक आपापले ब्लॉग लिहितात. आमची पुण्याची कंपनी त्या लहान ब्लॉगांना सभासद करून घेते आणि त्यांच्या पानांच्या कोपऱ्यांत जाहिराती लावते. सभासदांना वेळोवेळी सेवा-सूचना जातात. अमुक दिवशी यंत्रणा बंद राहील, तमुक जाहिरातीचा आकार बदलला, नवा नियम आला. त्या सूचना इंग्रजीतून तमिळ आणि मराठीत करायचं माझं काम. ते मी कुंभकोणात, चक्रपाणीच्या देवळाजवळच्या भाड्याच्या खोलीत बसून करते. माझं मराठी कंपनीला कुठल्याशा बखरीतलं वाटतं. आमच्यात 'हवं' म्हणायला 'होणा' म्हणतात. पहिल्याच महिन्यात मी वरिष्ठ बाईंना फोनवर म्हटलं, मला दोन दिवस रजा होणा. त्या म्हणाल्या, होणार? कधी होणार? पाच मिनिटं आम्ही दोघी एकमेकींना समजावत होतो. तेव्हापासून मी त्यांच्याशी पुस्तकातलं बोलते.

मामांनी सगळं ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला. सभासद झालं की पत्रं येतात का? मी म्हटलं, येतात, महिन्याला तीन-चार. "मग मला कर," ते म्हणाले. तेव्हा ते निवृत्त होऊन वर्ष झालं होतं. ज्या माणसाने चौतीस वर्षं गावाला पत्रं वाटली त्याला स्वतःला त्या वर्षात एकही पत्र आलं नव्हतं. हे मला मामीने नंतर सांगितलं. ती म्हणाली, सकाळी अकराला दारात जाऊन उभे राहतात, विचारलं तर म्हणतात, ऊन बघतो.

ब्लॉग काढायचा तर लिहायचं काय? पोस्टमनला गावाची सगळी गुपितं माहीत असतात, पण मामांचा नियम पोलादी. पत्रातलं बोलायचं नाही, ताटातलं बोलायला हरकत नाही. म्हणून त्यांचा ब्लॉग घरोघरी खाल्लेल्या पदार्थांवर निघाला. पट्टीश्वरमच्या कुठल्या ओसरीवर मनिऑर्डर देताना काय मिळालं, साक्कोट्टैत कुणाच्या घरी तार वाचल्यावरसुद्धा आधी ताट कसं वाढलं. मथळा तमिळमध्ये, मजकूर आमच्या मराठीत. त्यात सेवैवर एकेचाळीस लेख. लिंबाची सेवै, नारळाची सेवै, चिंचेची, दह्यातली, गुळातली. आणि पहिलाच लेख माझ्या अप्पांच्या हातच्या सेवैवर. तो मी अप्पांना वाचून दाखवला तेव्हा ते म्हणाले, माझ्याबद्दल कुणी छापलं? आणि पुन्हा वाच म्हणाले. मग पुन्हा.

पण मामांचा खरा जीव सूचनांत. सूचना आली की ते कोपऱ्यावरच्या दुकानातून तिची छापील प्रत काढून आणत, तिच्यावर स्वतःचा तारखेचा शिक्का मारत, आवक वहीत नोंदवत आणि ओसरीवर उभं राहून वाचत, निम्मी गल्ली ऐकेल अशा आवाजात. मग उत्तर. आमच्या सूचना ज्या पत्त्यावरून जातात त्याचं नाव नोरिप्लाय, म्हणजे उत्तर देऊ नका. मामांना इंग्रजी येत नाही असं नाही, पण त्यांनी या अर्थाला मान्यताच दिली नाही. पत्ता आहे म्हणजे माणूस आहे, आणि माणसाला नाव असतं. तेव्हा 'रा. रा. नोरिप्लाय यांस सा. न. वि. वि.' अशी सुरुवात. आम्ही कळवलं की रविवारी दुपारी दोन ते चार दुरुस्तीसाठी सेवा बंद राहील. मामांनी कळवलं की दुरुस्ती करता हे चांगलंच, पण साडेचार ते सहा राहुकाळ असतो, त्या वेळात शहाणा माणूस नवं काही सुरू करत नाही, तेव्हा बंद ठेवल्यास कुणाचं अडणार नाही. आम्ही 'प्रिय सभासद' लिहिलं तर त्यांचं उत्तर असं: प्रिय म्हणता आणि नाव माहीत नाही, ही प्रीती कोणत्या प्रकारची? एकदा त्यांच्या ब्लॉगच्या कोपऱ्यात कुरियरची जाहिरात झळकली. पोस्टमनच्या अंगणात कुरियरचा तंबू! त्या उत्तराला चार पानं लागली आणि रक्तदाबाची गोळी. मामी मला म्हणाली, "जिवंत बायकोला 'हुं' म्हणायला वेळ नाही, आणि त्या नोरिप्लायला चार चार पानं."

या सगळ्या उत्तरांचं पुढे काय होतं ते मला ठाऊक होतं. काहीच होत नव्हतं. ती पेटी कुणी उघडत नव्हतं. मी कधीतरी मामांना भेटले की तोंडी सांगे, सूचना पोचली हां मामा. ते म्हणत, "तू घरातली. मी ऑफिसला लिहिलंय." आणि मी हसून सोडून देई. ते हसणं आज मला आवडत नाही.

मग तो नियम आला. काही ब्लॉगवाले जाहिरातींच्या आडून आपले धंदे चालवतात म्हणून कंपनीने ठरवलं की नोंदणीशिवाय कुणी लेखांतून सेवा विकायच्या नाहीत. हे तपासायला माणूस नाही, यंत्र. त्या यंत्राला प्रत्येक भाषेतले शब्द भरायचे होते. ती सूचनाही मीच भाषांतरित केली आणि पाठवली. पंधरा दिवसांनी एका सकाळी मामा माझ्या खोलीच्या दारात. हातात छापील प्रत, शिक्का मारलेली, आणि कान लाल. कागदावर लिहिलं होतं की आपल्या ब्लॉगवर एकेचाळीस ठिकाणी विनापरवाना सेवा देऊ केलेली आढळली, ती पंधरा दिवसांत काढली नाही तर आपलं सभासदत्व आणि सर्व सूचना बंद होतील.

"बीए," ते म्हणाले, "चौतीस वर्षं सरकारची सेवा केली. एक पाकीट फुटलं नाही, एक मनिऑर्डर चुकली नाही. आता हा गृहस्थ म्हणतो, मी चोरून सेवा देतो."

मला इतका राग आला की आधी कंपनीला चार शिव्या घातल्या, चांगल्या तमिळमध्ये, कारण रागाला मराठी पुरत नाही. यंत्र म्हणे! ज्या यंत्राला ताट आणि दुकान यातला फरक कळत नाही ते माणसांचा न्याय करणार, आणि ज्याचा न्याय करायचा त्याने तोंड उघडायचं नाही, कारण पत्त्याचं नावच तोंड बंद ठेवा. माझ्या आईला छापील कागदाचा घाम का फुटायचा ते मला त्या दिवशी पहिल्यांदा समजलं. आणि तो कागद मी लिहिला होता. मी तावातावाने संगणक उघडला, मामांना शेजारी बसवलं आणि यंत्राच्या शब्दांची यादी काढली. 'सर्व्हिस' या शब्दासमोर तमिळ रकान्यात एकच शब्द होता. तो माझ्या हाताने भरलेला होता. सेवै.

तमिळमध्ये सेवा म्हणजे सेवै. पेरुमाळचं, म्हणजे विष्णूचं, दर्शन घेणं, तेही सेवै. आणि माझ्या बापाच्या नाळीतून उतरतात ते धागे, तीही सेवै. अक्षरं तीच, मात्रा तीच. मी बीए, मी एका क्षणात पुस्तकातला शब्द लिहून मोकळी झाले होते. ज्या पदार्थावर मी वाढले तो मला आठवलाही नव्हता.

मामांना मी ते तिथेच सांगितलं. ते रागावले नाहीत, त्यामुळे मला जास्त लागलं. संध्याकाळी साक्कोट्टैला जाऊन अप्पांना सांगितलं. अप्पा हल्ली लग्नाला जात नाहीत, पण नाळी अजून पुसून ठेवतात. ते पुसता पुसता म्हणाले, "एवढं शिकलीस, आणि सेवै म्हटल्यावर तुला ताट नाही आठवलं?"

दुसऱ्या दिवशी पुण्याच्या सहकाऱ्याने सोपी युक्ती सुचवली. त्या आजोबांना सांगा, लेखांत सेवैच्या जागी इडियाप्पम लिहा, दिसायला सारखंच असतं ना? मी हे मामांना सांगायची चूक केली. इडियाप्पम आधी दाबतात आणि मग वाफवतात. सेवै आधी वाफवतात आणि मग दाबतात. हा फरक आमच्या भागात किती मोठा आहे हे बाहेरच्याला कळायचं नाही. यावरून सोयरीक मोडलेली मी पाहिली नाही, पण या मुद्द्यावर पंगतीतून माणूस उठलेला पाहिला आहे. मामा म्हणाले, पाकिटावरचं नाव खोडून दुसरं घालून पत्र पोचवणं मला येत नाही, कुणाला येत असेल तर त्याने करावं. आणि ते घरी जाऊन रा. रा. नोरिप्लाय यांस उत्तर लिहायला बसले.

पुढच्या दहा-बारा दिवसांत त्यांनी पाच उत्तरं धाडली. पहिल्यात सेवै कशी करतात ते होतं, दुसऱ्यात अप्पांची साक्ष, तिसऱ्यात आपला सेवेचा दाखला, चौथ्यात शुभ्र सेवैच्या ताटाचा फोटो. पाचव्यात एकच ओळ, आपली प्रकृती ठीक असेल ना? आमच्या यंत्रणेत त्याच सुमारास कुणीतरी काहीतरी बदललं होतं, त्यामुळे पाचही पत्रं परत आली, वर शेरा: पत्ता सापडला नाही.

मी गेले तेव्हा मामा ओसरीवर बसले होते आणि पाचही शेरे छापून समोर मांडले होते. मामीने मला डोळ्यांनी खूण केली, आज जपून. मामा म्हणाले, चार दिवस हिंडून विनायगम शोधला मी, आणि यांना एका क्षणात पत्ता सापडत नाही. मी म्हटलं, मामा, त्या पत्त्यावर खरंच कुणी नाही. तिथे कुणी राहत नाही. सूचना लिहिते ती मीच.

"ते मला माहीत आहे गे," ते म्हणाले. "पहिल्या पत्रापासून माहीत आहे. अक्षर छापलेलं असलं तरी वाक्य तुझं ओळखू येतं. मग तू उत्तर का देत नव्हतीस?"

मुदत संपायला दोन दिवस होते. मी खोलीवर आले आणि वरिष्ठ बाईंना फोन लावला. पुस्तकातल्या मराठीत सगळी हकीकत सांगितली, चूक माझी हेही सांगितलं. बाई वाईट नाहीत. शब्दाची दुरुस्ती लगेच करू म्हणाल्या, सभासदत्व राहील म्हणाल्या, पण सभासदांच्या उत्तरांचं म्हणाल तर सगळीकडे असंच असतं, नोरिप्लाय तो नोरिप्लाय, उत्तरं वाचत बसलो तर काम कधी करायचं. मी त्यांना विचारलं, ती पेटी कधी उघडून पाहिली आहे का? त्यांनी नव्हती पाहिली. मी म्हटलं, मग आत्ता उघडा, मी फोन धरून ठेवते. बराच वेळ नुसता कळांचा आवाज आला. त्या पेटीत एकटे टपालमामा नव्हते. कुठल्या कुठल्या गावांतून माणसांनी उत्तरं लिहिली होती, आभार, तक्रारी, कुणाच्या घरी बाळ झालं म्हणून ब्लॉग महिनाभर बंद, कुणी नुसतं पत्र पावलं. एकालाही उत्तर गेलं नव्हतं. मला पुस्तकातलं काही आठवेना.

"बाई," मी म्हटलं, "या माणसांना उत्तर होणा."

या वेळी त्यांनी कधी म्हणून विचारलं नाही. म्हणाल्या, "होणार."

पुढच्या सोमवारी सगळ्या सभासदांना जी सेवा-सूचना गेली ती भाषांतर नव्हती, ती मी मुळातच लिहिली. 'सेवै हा तांदळाचा खाद्यपदार्थ आहे. तो सेवा नाही. या शब्दामुळे ज्या सभासदांवर चुकीचा आरोप झाला त्यांची आम्ही नावानिशी माफी मागतो.' आणि खाली नाव दिलं, एकच होतं, मामांचं. मामांच्या ओसरीवर ती सूचना दोनदा वाचली गेली, असं मामी सांगते. त्यांचं उत्तर संध्याकाळी आलं. त्यावर रा. रा. नोरिप्लाय नव्हतं, चि. सौ. कां. बीए होतं. 'पत्र पावलं. आनंद झाला. एक दुरुस्ती आहे. तो सेवा नाही हे विधान पुरतं बरोबर नाही. साक्कोट्टैला आपल्या वडिलांचे खांदे पाहावेत.'

ती दुरुस्ती मी कंपनीत कुणाला दाखवली नाही. ती माझ्या आवक वहीत आहे. हो, मीही वही घातली आहे.

आता मामांचे डोळे अधू झालेत. मोतीबिंदू काढून झाला तरी बारीक अक्षर लागत नाही, आणि मोठं केलेलं अक्षर त्यांना ओरडल्यासारखं वाटतं. म्हणून रविवारी मी जाते. मामी कॉफी आणते, आणि मला बघून म्हणते, आला गं बाई नोरिप्लाय. मी ओसरीवर बसून माझीच सूचना त्यांना मोठ्याने वाचून दाखवते, पहिल्या अक्षरापासून शेवटपर्यंत. कागदाची घडी करत नाही. तो गुडघ्यावर पसरते आणि विचारते, "उत्तर काय लिहू, मामा?" ते डोळे मिटून विचार करतात. घाई नसते. गल्लीतून सायकलची घंटा गेली की क्षणभर त्यांची मान तिकडे वळते, मग परत येते.

आमच्या सेवा-सूचनांखाली 'या पत्त्यावर उत्तर देऊ नये' ही ओळ आता नसते. तिथे माझं नाव असतं, नावापुढे बीए असतं, आणि आलेल्या प्रत्येक पत्राला उत्तर जातं.